सेल्फ टॅनर

सेल्फ टॅनर हे उन्हात न जाता त्वचेला रापल्यासारखा तपकिरी रंग देणारे प्रसाधन आहे. ते लोशन, क्रीम, फेस, थेंब, ओले रुमाल आणि फवारा अशा रूपांत मिळते. त्यातील मुख्य क्रियाशील घटक बहुधा डायहायड्रॉक्सिअ‍ॅसिटोन (संक्षेप : डीएचए) ही साखर असते. हा रंग त्वचेच्या सर्वांत वरच्या, मृत पेशींच्या थरातच तयार होतो. त्याखालच्या जिवंत पेशींशी आणि त्वचेच्या स्वतःच्या मेलॅनिन या रंगद्रव्याशी त्याचा संबंध नसतो. म्हणूनच हा रंग काही दिवसांत उतरतो, मृत थराच्या जाडीनुसार कुठे गडद तर कुठे फिका चढतो आणि उन्हापासून जवळजवळ काहीच संरक्षण देत नाही. उन्हात मिळवलेल्या रापापेक्षा तो निर्धोक मानला जातो, पण तो राप नव्हे, रंग आहे.

युरोप, उत्तर अमेरिका व ऑस्ट्रेलिया येथील गौरवर्णीय लोकांत या प्रसाधनाचा वापर अधिक आहे. शरीरसौष्ठव स्पर्धांतील खेळाडू मंचावरील प्रखर प्रकाशात स्नायूंची रेखीवता उठून दिसावी म्हणून गडद रंग लावतात. बॉलरूम नृत्याच्या स्पर्धकांतही ही प्रथा आहे. भारतात मात्र ‘टॅन’ हा शब्द बहुतेक वेळा ‘घालवणे’ या क्रियापदाबरोबरच ऐकू येतो. एकीकडे रंग उजळवण्याची आणि दुसरीकडे तो गडद करण्याची प्रसाधने विकली जातात, यावरून सौंदर्याच्या कल्पना समाजागणिक किती बदलतात ते कळते.

रंग कसा चढतो

डीएचए ही केवळ तीन कार्बन अणूंची साधी साखर आहे. ग्लिसरीनवर ग्लुकोनोबॅक्टर या जिवाणूंची प्रक्रिया करून ती औद्योगिक प्रमाणावर तयार करतात. त्वचेवर लावल्यावर ती मृत थरातील प्रथिनांच्या अमिनो आम्लांशी संयोग पावते आणि मेलॅनॉइडिन नावाची तपकिरी संयुगे तयार होतात. या क्रियेला फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लुई-कामिय मेयार यांच्या नावावरून मेयार अभिक्रिया म्हणतात. त्यांनी तिचे वर्णन १९१२ मध्ये केले. तव्यावरच्या भाकरीला पडणारे तपकिरी डाग, पावाचे खरपूस कवच आणि भाजलेल्या कॉफीचा रंग हे याच जातीच्या अभिक्रियेचे परिणाम होत. तव्यावर ती प्रखर उष्णतेने मिनिटांत घडते, तर त्वचेवर शरीराच्या तापमानाला सावकाश. सेल्फ टॅनर लावल्यावर काही तासांनी येणारा भाजक्या बिस्किटासारखा वास हीसुद्धा या अभिक्रियेचीच खूण आहे. सुगंधी द्रव्यांनी तो झाकता येतो, पूर्ण घालवता येत नाही.

रंग दोन ते चार तासांत दिसू लागतो आणि एक ते तीन दिवसांत पूर्ण चढतो. घरगुती उत्पादनांत डीएचएचे प्रमाण साधारणपणे तीन ते पाच टक्के असते, गडद छटांच्या उत्पादनांत ते याहून जास्त असते. अनेक उत्पादनांत एरिथ्रुलोज ही दुसरी साखरही मिसळतात. तिचा रंग हळू चढतो, छटा तांबूस असते आणि तो लवकर फिका पडतो. लावताक्षणी दिसणारा रंग मात्र यांपैकी कशाचाच नसतो. आपण कुठे लावले हे कळावे म्हणून उत्पादकाने घातलेला तो ‘मार्गदर्शक रंग’ असतो आणि पहिल्या अंघोळीत वाहून जातो. तो वाहताना पाहून घाईने दुसरा थर देणे ही नवशिक्यांकडून वारंवार होणारी चूक आहे.

मेंदीशी तुलना केली तर हे तत्त्व चटकन लक्षात येते. मेंदीच्या पानांतील लॉसोन हे द्रव्यही मृत थरातील केराटिन प्रथिनाला चिकटते. मेंदी तळहातावर सर्वांत गडद रंगते, मनगटावर कमी आणि दंडावर फिकट, कारण तळहाताचा मृत थर कितीतरी पट जाड असतो. मेंदीत जे हवेसे वाटते, तेच सेल्फ टॅनरमध्ये दोष ठरते.

इतिहास

युरोपात दीर्घकाळ गोरेपणा हे उच्चवर्गाचे आणि रापलेपणा हे शेतात राबणाऱ्यांचे लक्षण मानले जाई. औद्योगिकीकरणानंतर कष्टकरी वर्ग कारखान्यांत गेला आणि समुद्रकिनाऱ्यावर सुटी घालवणाऱ्यांचा राप संपन्नतेची खूण बनला. नील्स फिन्सेन यांना प्रकाशोपचारांसाठी १९०३ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले आणि ऊन आरोग्यदायक असल्याची समजूत बळावली. १९२०च्या दशकात फॅशनच्या जगाने राप उचलून धरला. त्याचे श्रेय बहुधा कोको शनेल यांना दिले जाते, पण एवढ्या मोठ्या बदलाला एकच व्यक्ती कारणीभूत असेल असे मानणे कठीण आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये पायमोज्यांचा तुटवडा झाला, तेव्हा अनेक स्त्रिया पाय रंगवण्यासाठी चहाचे पाणी किंवा स्वयंपाकातील रश्शाला तपकिरी करणारा रंग वापरत आणि पोटरीमागे पेन्सिलीने शिवण रेखाटत. पावसाची सर आली की हा साज धुऊन जाई.

डीएचएचा रंग योगायोगाने सापडला. १९५०च्या दशकात अमेरिकेतील सिनसिनाटी येथे ईव्हा विटगेनस्टाइन या संशोधिका ग्लायकोजेन साठून राहण्याचा आनुवंशिक विकार असलेल्या मुलांवर अभ्यास करत होत्या. या मुलांना डीएचए तोंडावाटे मोठ्या प्रमाणात दिले जाई. त्याचे थेंब अंगावर सांडले की त्वचेवर तपकिरी डाग पडत, कपड्यांवर मात्र पडत नसत. विटगेनस्टाइन यांनी निरनिराळ्या तीव्रतेची द्रावणे स्वतःच्या त्वचेला लावून पाहिली आणि तोच परिणाम पुन्हा मिळवला. या रंगाविषयी त्यांचा हेलन बेरी यांच्यासह लिहिलेला निबंध १९६० मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. त्याच वर्षी कॉपरटोन कंपनीचे ‘क्यूटी’ हे लोशन बाजारात आले. त्या काळच्या उत्पादनांचा रंग नारिंगी आणि पट्ट्यापट्ट्यांचा होई. पुढे डीएचए अधिक शुद्ध स्वरूपात मिळू लागले, मिश्रणे सुधारली आणि छटा नैसर्गिक होत गेल्या, तरी ‘नारिंगी माणूस’ ही थट्टा मागे उरलीच.

एकसारखा रंग : तयारी आणि लावण्याची रीत

बहुतेक शरीरभागांवर मृत थराची जाडी एका मिलिमीटरच्या शंभराव्या ते पन्नासाव्या भागाएवढीच असते. कोपर, गुडघे, घोटे, टाचा व बोटांची पेरे येथे तो जाड आणि कोरडा असतो. तेथे साखर अधिक शोषली जाते आणि काळपट डाग पडतात. तीळ आणि वांगाचे ठिपकेही आजूबाजूच्या त्वचेपेक्षा गडद दिसू लागतात. त्यामुळे एकसारख्या रंगाचे बरेचसे काम बाटली उघडण्यापूर्वीच करावे लागते.

आदल्या दिवशी केस काढून घेतात, कारण दाढी किंवा वॅक्सिंगनंतर लगेच लावल्यास केसांची छिद्रे काळ्या ठिपक्यांसारखी दिसतात आणि त्वचा चुरचुरते. त्यानंतर खरखरीत हातमोज्याने किंवा तेलविरहित स्क्रबने अंग हलके घासून सुटलेल्या मृत पेशी काढतात. तेलाचा अंश राहिला तर रंग तेथे चढत नाही. त्वचा पूर्ण कोरडी झाल्यावर कोपर, गुडघे, घोटे, मनगटे, भुवया आणि केसांच्या कडेला मॉइश्चरायझरचा पातळ हात फिरवतात. त्याने या जागांवर साखरेचे शोषण कमी होते. सर्व अंगाला मॉइश्चरायझर चोपडल्यास मात्र रंग ठिकठिकाणी तुटक चढतो.

लावताना पायांपासून सुरुवात करून वर जाण्याची पद्धत रूढ आहे. आधी वरचा भाग रंगवून मग पायांकडे वाकले, तर पोटावरच्या ओल्या थराला घड्या पडतात. एका वेळी एकच अवयव घेऊन मऊ हातमोज्याने लांब, गोलाकार फिरवून लोशन पसरवतात. सांध्यांसाठी नवे लोशन न घेता मोज्यावर उरलेलेच पुसटसे फिरवतात. हाताची पाठ आणि पावले सर्वांत शेवटी करतात. त्या वेळी बोटे किंचित वाकवल्यास पेरांच्या सुरकुत्यांत लोशन साचत नाही. लगेच तळहात, नखे आणि बोटांमधल्या बेचक्या साबणाने धुतात. रंगलेला तळहात हा कृत्रिम रंगाचा सर्वांत बोलका पुरावा असतो. चेहऱ्याला थोडेसेच पुरते. कान आणि मानेची मागची बाजू हमखास विसरली जाते. पाठीसाठी दुसऱ्याची मदत घेणे सर्वांत सोपे.

पहिली दहा-पंधरा मिनिटे काहीही न घालता लोशन वाळू देतात. पुढचे सहा ते आठ तास किंवा वेष्टनावर दिलेल्या वेळेपर्यंत पाणी, घाम आणि घट्ट कपडे टाळतात. ब्रा किंवा पट्ट्याचा वळ या काळात उमटला, तर तो रंग उतरेपर्यंत दिसत राहतो. गादीवर जुनी चादर घालणे शहाणपणाचे, कारण मार्गदर्शक रंग कापडाला लागतो.

छटेची निवडही महत्त्वाची असते. अतिशय गोऱ्या त्वचेवर तीव्र उत्पादन लावल्यास नारिंगी झाक येते. कमी तीव्रतेचे ‘क्रमशः’ रंग चढवणारे लोशन तीन-चार दिवस रोज लावून थांबणे त्यापेक्षा सुरक्षित, कारण त्यात चूक झाली तरी ती फिकट असते. जुन्या बाटलीचाही भरवसा नसतो. डीएचए हळूहळू विघटित होते, लोशन तपकिरी पडते, वास बदलतो आणि रंग कमी चढतो.

रंग उतरणे

मृत पेशी सतत झडत असल्याने हा रंग साधारण पाच ते सात दिवस टिकतो. घासणे, पोहण्याच्या तलावातील क्लोरीनयुक्त पाणी, दाढी, तसेच रेटिनॉइड व फळाम्लांची क्रीम यांमुळे तो लवकर जातो. रोज मॉइश्चरायझर लावल्यास तो अधिक टिकतो आणि मुख्य म्हणजे सारखा उतरतो. कोरड्या त्वचेवर पेशी तुकड्यातुकड्यांनी सुटतात आणि रंग चट्ट्याचट्ट्यांनी जातो. गडद पडलेला डाग धुऊन निघत नाही, कारण तो पेशींच्या प्रथिनाचाच भाग झालेला असतो. कोमट पाण्यात भिजवून तेल लावणे आणि हलके घासून पेशी काढणे एवढाच खरा उपाय. लिंबू आणि खाण्याचा सोडा यांचा घरगुती उपाय त्वचेला झोंबतो आणि कधी कधी डागापेक्षा जास्त त्रास देतो.

ऊन आणि संरक्षण

या प्रसाधनाविषयीचा सर्वांत धोकादायक गैरसमज म्हणजे ‘रंग चढला, आता ऊन लागणार नाही’ हा होय. डीएचएच्या रंगाचे संरक्षण फार तर एसपीएफ तीन-चारइतके असते आणि त्यावर विसंबता येत नाही. अमेरिकेत सनस्क्रीन नसलेल्या अशा उत्पादनांवर ‘यात सनस्क्रीन नाही, हे उन्हाने त्वचा भाजण्यापासून वाचवत नाही’ अशा अर्थाचा इशारा छापणे बंधनकारक आहे. उलट, तीव्र डीएचए लावलेल्या त्वचेवर सूर्यप्रकाश पडल्यास मुक्त मूलके अधिक तयार होतात असे प्रयोगांत आढळले आहे. त्यामुळे लावल्यानंतरचा पहिला दिवस सावलीत काढणे इष्ट. त्यानंतरही सनस्क्रीन नेहमीप्रमाणे लावावेच लागते.

उन्हात किंवा टॅनिंग बेडवर मिळवलेला राप ही अतिनील किरणांनी पेशींच्या डीएनएला इजा झाल्यावरची प्रतिक्रिया असते. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २००९ मध्ये अतिनील किरणांच्या टॅनिंग यंत्रांना मानवात निश्चितपणे कर्करोग घडवणाऱ्या घटकांच्या गटात टाकले. ब्राझीलने त्याच वर्षी सौंदर्यासाठी त्यांचा वापर बंद केला, पुढे ऑस्ट्रेलियातील राज्यांनीही व्यावसायिक टॅनिंग बेडवर बंदी आणली. या पार्श्वभूमीवर त्वचारोगतज्ज्ञ राप हवाच असणाऱ्यांना सेल्फ टॅनरचा पर्याय सुचवतात.

सुरक्षितता

अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने डीएचएला केवळ शरीराच्या बाहेरून लावण्यासाठी मान्यता दिली आहे. ओठ, डोळ्यांभोवतीचा भाग आणि श्लेष्मल त्वचा त्यातून वगळलेली आहे. फवारा श्वासावाटे आत घेण्यास मान्यता नसल्याने फवारणी केंद्रांत नाक, डोळे व ओठ झाकणे आवश्यक असते. घरी या दृष्टीने लोशन किंवा फेस बरा. युरोपीय संघात सेल्फ टॅनरमधील डीएचएची कमाल मर्यादा १० टक्के आहे. त्वचेची अ‍ॅलर्जी क्वचितच होते, पण सुगंधी द्रव्ये वा परिरक्षकेही तिला कारण ठरू शकतात. म्हणून एक दिवस आधी कोपराच्या आतल्या बाजूला थोडेसे लावून पाहतात. जखम, इसब किंवा सोलवटलेल्या त्वचेवर ते लावत नाहीत.

रापासाठी विकल्या जाणाऱ्या गोळ्या आणि इंजेक्शने यांची गणना सेल्फ टॅनरमध्ये करू नये. गोळ्यांतील कॅन्थाझॅन्थिनचे स्फटिक डोळ्याच्या दृष्टिपटलावर साचल्याची उदाहरणे नोंदली गेली आहेत. ‘मेलॅनोटॅन’ नावाने बेकायदा विकली जाणारी इंजेक्शने अनेक देशांच्या औषध नियामकांनी धोकादायक ठरवली आहेत.

कोडाचे डाग झाकण्यासाठी

डीएचएचा रंग मेलॅनिनवर अवलंबून नसल्यामुळे तो कोडाच्या पांढऱ्या डागांवरही चढतो, आणि तेथे त्याचा उपयोग हौसेपलीकडचा आहे. कोड संसर्गजन्य नाही आणि त्याचा कुष्ठरोगाशी संबंध नाही. तरीही महाराष्ट्रात आजही कोड असलेल्या मुलीच्या लग्नाचा प्रश्न घरादाराला छळतो. सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांचा ‘नितळ’ (२००६) हा मराठी चित्रपट याच विषयावर आहे. डाग झाकायचे की नाही हा ज्याचा त्याचा निर्णय असतो, पण झाकायचे ठरवणाऱ्यांसाठी डीएचए हे मेकअपपेक्षा टिकाऊ साधन आहे. ते घामाने पुसले जात नाही आणि कपड्यांना लागत नाही.

या वापरात लोशन केवळ डागावर लावतात. कडेबाहेर गेल्यास भोवतालची सावळी त्वचा आणखी गडद होते आणि डागाची किनार उठून दिसते. त्यासाठी बारीक कुंचला किंवा कापसाची काडी वापरून, इच्छित छटा येईपर्यंत काही तासांच्या अंतराने पुन्हा पुन्हा हात देतात. सावळ्या वर्णाशी तंतोतंत छटा जुळणे अवघड असते, म्हणून त्वचारोगतज्ज्ञाच्या सल्ल्याने तीव्रता ठरवणे बरे. झाकलेल्या डागाला मेलॅनिनचे संरक्षण नसतेच, त्यामुळे त्यावर सनस्क्रीनची गरज सर्वाधिक. ओठांवरील डागांसाठी डीएचए वापरता येत नाही. कोडाचे डाग अनेकदा हातांवर आणि बोटांवरच असतात. दिवसभर पाण्यात असणाऱ्या त्या हातांवर हा रंग सर्वांत कमी टिकतो आणि दोन-तीन दिवसांनी पुन्हा लावावा लागतो.