प्रकाश आणि ध्वनी मोजणारा संघ
* नकाशेकारांचा हा संघ काल्पनिक आहे, पिंगळी गावातले त्याचे मोजणीचे ठाणेही. पण प्रकाश आणि ध्वनी मोजण्याची त्याची कार्यपद्धती निव्वळ कल्पनेतली नाही. भारताच्या महात्रिकोणमितीय सर्वेक्षणाचे प्रमुख विल्यम लॅम्ब्टन १८२३ मध्ये हिंगणघाटजवळ वारले. त्यांच्यानंतर जॉर्ज एव्हरेस्ट यांनी दूरची ठाणी हेरण्यासाठी दिवसा आरशावरून फेकलेले ऊन आणि रात्री दिवे वापरले. इथे प्रकाश केवळ साधन होता, नकाशा जमिनीचाच होता, असा आक्षेप घेता येईल. तो अर्धाच खरा आहे. हवेच्या थरांतून जाताना किरण वाकतो. रात्री दूरचा दिवा खऱ्या जागेपेक्षा उंच दिसतो. हा वाक हिशेबात धरल्याशिवाय उंची पक्की होत नसे. ध्वनीचेही तसेच. मद्रास वेधशाळेच्या गोल्डिंगहॅम यांनी १८२०-२१ मध्ये तोफेचा लखलखाट दिसणे आणि आवाज ऐकू येणे यांत किती वेळ जातो ते मोजले. सोबत तापमान, आर्द्रता आणि वाराही नोंदवला. म्हणजे जमिनीआधी हवा मोजावी लागली. पिंगळीच्या सपाट काळ्या रानात ठाण्याला टेकडी कुठली, हा प्रश्न रास्त आहे. पण गंगेच्या मैदानातही टेकड्या नव्हत्या, तिथे एव्हरेस्ट यांनी मनोरे बांधून घेतले. — संपादक