शेवया आत, रस्सा बाहेर

माघातली संध्याकाळ आहे. मराठवाड्यातल्या वसमतच्या शिवारात हळदीची काढणी चालू आहे. वारा गावाकडे वळला की उकडलेल्या हळदीचा मातकट, उग्र वास थेट तुमच्या स्वयंपाकघरात येतो. घरात एकाचं नाक चोंदलंय, दुसऱ्याला भाकरी घशाखाली जात नाही, आणि सगळ्यांना काहीतरी गरम, पातळ, झणका देणारं हवंय. आज तुम्ही चिकन नूडल सूप करणार आहात.

चिकन सेंटरवर तुम्ही आवर्जून सांगितलंत, "भाऊ, मान, पाठ अन् पंजे टाकू नका, साफ करून पिशवीतच द्या." सूपचा जीव त्यातच असतो. एक किलोची गावरान कोंबडी, मोठं पातेलं, अडीच लिटर गार पाणी. गरम पाणी नको. गार पाण्यापासून हळूहळू तापलं की हाडांतला अर्क नीट उतरतो आणि रस्सा नितळ राहतो. झाकण ठेवू नका.

हे पातेलं दीड-पावणेदोन तास मंद आचेवर राहणार आहे. तेवढ्यात तुम्ही हव्या त्या सालात जाऊन या. अट एकच, बोलावलं की परत यायचं. पहिली हाक लगेच येते. पाणी हलायला लागताच वर करडा फेस जमतो. तो पळीनं काढत राहा, पाणी स्वच्छ दिसेपर्यंत. आता निघा.

१९४०, हेच गाव

फार लांब जायचं नाही. गाव वसमतच आहे, पण राज्य निजामाचं आणि जिल्हा परभणी. तुमच्या खिशातलं नाणं निजामाच्या हाली सिक्क्याचं आहे. पूर्णा नदीवर येलदरी आणि सिद्धेश्वर ही धरणं व्हायला अजून बरीच वर्षं आहेत, त्यामुळं कालवा नाही. शिवार ज्वारीचं आणि कापसाचं.

वैशाखाचं ऊन आहे. तुम्ही एका वाड्यात शिरता. सोप्यात शेवयांचा पाट तिरका लावलाय. एक बाई वस्त्रगाळ पिठाचा मऊ गोळा तळहाताखाली पाटावरून पुढं-मागं सारते आणि खालून केसासारखी बारीक तार उतरत जाते. समोर बसलेली पोरगी ती तार तुटू न देता बोटांवर झेलते आणि उन्हात टाकलेल्या बाजेवर पांढऱ्या धोतरावर पसरते. दोघी एकमेकींकडे बघतही नाहीत, हातांना सगळं माहीत आहे. या शेवया वर्षभर डब्यात राहतील आणि दूध, गूळ, तूप यांच्याबरोबर खाल्ल्या जातील. तिखटाशी त्यांचा संबंध नाही.

आता मागच्या परसात या. तिथं तीन दगडांची चूल मांडलीय, भांडं वेगळं, पळी वेगळी. कोंबडी घरातल्या चुलीवर चढत नाही, म्हणून पुरुष मंडळी बाहेर रांधत बसलीयत. मसाला पडायच्या आधी एकजण हळद-मिठातलं पाणी वाटीत काढून ठेवतो. ही अळणी. घसा धरलेल्या पोराला, तापातून उठलेल्या माणसाला हीच वाटी जाते. उरलेल्यात वाटण, तिखट, वरून तर्री, आणि खाली बाजरीची नाही तर ज्वारीची भाकरी.

पलीकडच्या मोहल्ल्यात डोकवा. तिथं आजारी माणसाला यखनी देतात, आणि ईदला शीरखुर्मा असतो. म्हणजे तिथंही तेच: अर्क एका भांड्यात, शेवया दुसऱ्या भांड्यात.

आता नीट बघा. नूडल सूपला जे दोन पदार्थ लागतात ते दोन्ही १९४० सालच्या वसमतेत आहेत, एकाच वाड्यात, दहा पावलांच्या अंतरावर. पण त्यांची गाठ पडलेली नाही. एक पदार्थ मात्र त्या दोघांच्या मधल्या वाटेवर उभा आहे, शेंगोळे. ज्वारीच्या किंवा हुलग्याच्या पिठाचे हातावर वळलेले लांबट तुकडे लसणाच्या झणझणीत पाण्यात शिजतात. नूडल सूपची सगळी रीत त्यात आहे, फक्त कोंबडी नाही.

चला, हाक आली.

पहिली परत फेरी: हळद

पातेल्यात ठेचलेलं दोन इंच आलं टाका. एक कांदा आडवा कापून तव्यावर काळा डाग पडेपर्यंत भाजा आणि सोडा. सात-आठ मिरे, एक चक्रीफूल, कोथिंबिरीच्या काड्या. काड्या टाकून देऊ नका, वास त्यांतही भरपूर असतो. मीठ आता थोडंच, कारण पुढं सोया सॉस येणार आहे.

आता वर जमलेला पिवळसर तवंग पळीनं काढून कढल्यात घ्या. तो तापवा, त्यात बारीक चिरलेला लसूण परता, गॅस बंद करा आणि पाव चमचा हळद टाकून लगेच सगळं पातेल्यात परत ओता. हळदीतलं कुरकुमिन पाण्यात जवळजवळ विरघळत नाही, स्निग्धात विरघळतं. हळद नुसती पाण्यात टाकली तर ती तळाशी बसते आणि कच्ची लागते. फोडणीत हळद का घालतात, याचंही कारण हेच.

आणि हळद कुठली, हे वसमतेत विचारायची सोय नाही. मोंढ्याच्या बाजारात हळदीचे ढीग लागतात, बाहेरचे व्यापारी येतात. जमिनीतून निघालेले कंद शिजवायचे, दहा-पंधरा दिवस उन्हात खडखडीत वाळवायचे, मग ड्रममध्ये फिरवून पॉलिश करायचे, तेव्हा कुठं हळकुंड होतं. २०२४ मध्ये वसमत हळदीला भौगोलिक मानांकन मिळालं. मुंबईच्या हॉटेलात या सूपला टर्मरिक ब्रॉथ म्हणून जास्तीचे पैसे लावतील, तुमच्याकडं ती हळद डब्यात पडून आहे.

आच बारीक करा. कडेला एखाद-दुसरा बुडबुडा फुटला पाहिजे, खळखळ उकळी नको. खळखळलं की चरबी पाण्यात मिसळून रस्सा गढूळ होतो. निघा.

चार हजार वर्षांपूर्वी, पीत नदीच्या काठी

आता लांबचा पल्ला. आजच्या चीनमधला छिंगहाय प्रांत, पीत नदीचा वरचा भाग, लाजिया नावाची वस्ती. मातीच्या वाडग्यात कुणीतरी जेवण वाढून घेतलंय. पिवळसर, तीन मिलिमीटर जाडीचे, हातभर लांब धागे. जमीन हादरते. पाठोपाठ पुराचा गाळ येतो आणि वाडगा पालथा पडतो. तुम्ही बाहेर पळा. तो वाडगा तसाच गाळाखाली राहणार आहे. त्यातले नूडल्स शास्त्रज्ञ तपासतील आणि २००५ मध्ये 'नेचर' नियतकालिकात जगाला सांगतील.

ते धागे गव्हाचे नव्हते. त्यात राळे होते. हेच राळे आपल्या आजीच्या काळात मराठवाड्यातही पिकायचे. राळ्याला गव्हासारखा चिवटपणा नसतो, मग त्याची एवढी लांब तार निघाली कशी, यावर तज्ज्ञांचा वाद आहे. तुम्ही मात्र आत्ताच शेंगोळे बघून आलायत. चिवटपणा नसलेलं पीठही गरम पाण्यात मळलं की वळता येतं, हे मराठवाड्यातल्या बाईला शिकवावं लागत नाही.

१९५८, इकेदा

आता जपान. ओसाकाजवळच्या इकेदा गावात परसात एक लाकडी खोपटं आहे. आत मोमोफुकु आंदो नावाचा ४८ वर्षांचा माणूस पीठ, कढई आणि तेल घेऊन बसलाय. धंदे बुडालेत, पण डोक्यातलं खूळ गेलेलं नाही. युद्धानंतर याच भागात थंडीत कुडकुडत नूडल्सच्या गाडीपुढं रांगेत उभी असलेली माणसं त्यानं पाहिली होती. तसं गरम सूप घरच्या घरी, क्षणात का होऊ नये?

बायकोला भजी तळतात तसं तेम्पुरा तळताना बघून त्याला वाट सापडली. नूडल्स तेलात पडले की त्यांतलं पाणी वाफ होऊन उडतं आणि मागं बारीक छिद्रं राहतात. पुढं कधीही उकळतं पाणी ओतलं की ते त्याच छिद्रांतून आत शिरतं. २५ ऑगस्ट १९५८ ला पाकीट बाजारात आलं. नाव 'चिकिन रामेन'. जगातलं पहिलं इन्स्टंट नूडल चिकनच्या चवीचं होतं. कोंबडी कुठल्याच धर्मात वर्ज्य नाही, असा आंदोंचा हिशेब होता. आपला श्रावण आणि आपली एकादशी त्यांच्या हिशेबात नसावी.

१९७५, चर्चगेट

मुंबईत क्रिकेट क्लब ऑफ इंडियाच्या मुदपाकखान्यात या. कोलकात्यात जन्मलेला नेल्सन वाँग हा चिनी वंशाचा स्वयंपाकी ओट्यापाशी उभा आहे. गिऱ्हाईकाला यादीबाहेरचं काहीतरी हवंय. वाँग चिरलेलं आलं, लसूण आणि हिरवी मिरची घेतो. आपल्या कुठल्याही रश्श्याची सुरुवात होते तशीच. पण पुढं गरम मसाला न टाकता सोया सॉस आणि कॉर्नफ्लोअर टाकतो, आणि चिकन मंचुरियन जन्माला येतं. चीनमधल्या मांचुरियाला त्याचा पत्ताही नाही.

मग १९८३ मध्ये मॅगी भारतात आली आणि नूडल्स किराणा दुकानात पोचले. पाठोपाठ तालुक्याच्या गावांत चायनीजचे गाडे लागले. मंचाव सूप, हक्का नूडल्स, लाल सॉसच्या बाटल्या. शाळेतल्या पोरांना नूडल्स खाताना कुणी विचारलं नाही की हे शेवयांचे कोण लागतात.

म्हणजे हिशेब असा. परसातला रस्सा आणि सोप्यातल्या शेवया दहा पावलं चालून एकमेकांकडे गेल्या नाहीत. ओसाका, कोलकाता आणि चर्चगेटला वळसा घालून त्यांची ओळख झाली. अडचण चवीची कधीच नव्हती, चुलीची होती.

हाक आली. या वेळी कायमचं परत या.

वाडगा भरताना

मांडीच्या तुकड्यात काटा सहज शिरतोय? मग कोंबडी झाली. (ब्रॉयलर असेल तर तुकडे अर्ध्या तासातच बाहेर काढा, मांस सोडवा आणि हाडं तेवढी परत पातेल्यात टाका.) मांसाचे धागे करून ठेवा. रस्सा गाळून घ्या. बोटांना लावून बघा, किंचित चिकट लागेल. पंजे आणि सांध्यांतलं कोलॅजन विरघळून त्याचं जिलेटिन झालंय. बाजारातला चिकन क्यूब पाण्यात विरघळवून खारटपणा मिळतो, हा दाटपणा मिळत नाही. आंदोंनी नूडल्स दोन मिनिटांवर आणले, आणि ते मान्य करून टाकावं. हाडांना मात्र दीड तास लागतोच.

गाळलेल्या रश्श्यात दोन चमचे सोया सॉस घाला, चाखा, मग मीठ. कॉर्नफ्लोअर घालायचं नाही.

नूडल्स वेगळ्या पाण्यात शिजवा. रश्श्यात शिजवले तर पीठ सुटून सगळी मेहनत गढूळ होते. बाजारचे हक्का नूडल्स चालतील, पण घरात पाटावरच्या शेवया असतील तर त्याच घ्या. कोरड्या तव्यावर बदामी भाजा, उकळत्या पाण्यात दोन-तीन मिनिटं, लगेच चाळणीत. भाजल्या की त्या एकमेकींना चिकटत नाहीत.

वाडग्यात तळाशी शेवया, त्यावर मांस, मूठभर चिरलेला पालक, आणि वरून कढत रस्सा. पालक तेवढ्यावरच शिजतो. मग कांद्याची पात आणि लिंबू. ज्यांना झणका हवाय त्यांच्यासाठी दोन चमचे तेल कडक तापवून लसूण आणि लाल तिखटावर ओता. चिली ऑइल म्हणा, तर्री म्हणा. आजारी माणसाच्या वाडग्यात ती नको.

वाढताना घरातलं कुणीतरी म्हणेल, "हे तर अळणीच आहे की, शेवया घातलेली." बरोबर आहे. हे सूप बाहेरून आणलेलं नाही, आपल्याच दोन पदार्थांना एकत्र बसवलंय. म्हणून महागड्या बाटल्यांच्या मागं लागू नका. एक सोया सॉस सोडला तर बाकी सगळं मोंढ्यात, भाजीबाजारात आणि घरच्या डब्यात आहे.

रस्सा उरला तर गार करून फ्रिजमध्ये ठेवा, दोन दिवस चांगला राहतो. शेवया मात्र त्यात घालून ठेवू नका, सकाळपर्यंत लगदा होतो.