नाव लपवून शिकलेली सोफी

फ्रान्स देश म्हटला की आपल्याला नेपोलियन आठवतो, फार तर जोन ऑफ आर्क. मला त्या देशातली जी बाई जवळची वाटते तिने तलवार धरली नाही, गणिते सोडवली. तिचे नाव सोफी जर्मेन.

ती 1776 साली पॅरिसमध्ये रेशमाच्या एका व्यापाऱ्याच्या घरी जन्मली. 1789 साली राज्यक्रांती झाली. शहरात दंगे, म्हणून तेरा वर्षांची सोफी घरात बसून वडिलांची पुस्तके वाची. त्यांत आर्किमिडीजची गोष्ट होती. गणितात तो इतका गुंग होता की शत्रूच्या शिपायाने त्याला मारले. ज्या विद्येपायी मरणाचेही भान राहत नाही ती आपणही शिकावी, असे तिने मनात घेतले. आईवडिलांना ते रुचले नाही. रात्री वाचू नये म्हणून त्यांनी मेणबत्त्या, शेकोटी, गरम कपडेही काढून घेतले, असे सांगतात. पण पोरगी पांघरूण गुंडाळून वाचीतच राहिली. अखेर घरचेच नमले, आणि पुढे वडिलांनीच तिचा खर्च चालवला.

1794 साली पॅरिसला मोठे तंत्रविद्यालय निघाले. तेथे मुलींना मज्जाव होता. सोफीने व्याख्यानांची टिपणे मिळवली आणि 'ल ब्लां' या पुरुषाच्या नावाने आपले लेखन पाठवले. थोर गणिती लाग्रांज यांनी या हुशार विद्यार्थ्याची चौकशी केली, तो निघाली मुलगी! जर्मनीच्या गाउस यांनाही ती त्याच नावाने पत्रे लिही. 1807 साली खरे कळल्यावर त्यांनी तिच्या धैर्याची मनापासून वाखाणणी केली.

धातूच्या पत्र्यावर बारीक वाळू पसरून कडेला व्हायोलिनचा गज ओढला, की वाळूची आपोआप रांगोळी उठते. ती का उठते, याचे गणित मांडणाऱ्यास विज्ञान अकादमीने बक्षीस लावले. सोफीने तीनदा प्रयत्न केला. दोनदा नाकारले गेले. 1816 साली बक्षीस तिला मिळाले.

1831 साली ती कर्करोगाने वारली. मृत्यूच्या नोंदीत तिला गणिती म्हटले नाही, स्वतःच्या उत्पन्नावर राहणारी बाई एवढेच लिहिले. 1889 साली आयफेल मनोऱ्यावर 72 विद्वानांची नावे कोरली, त्यांत एकही स्त्री नव्हती.

मी सातवीपर्यंत शिकले. कागदावर धंद्याच्या रकान्यात माझ्यापुढे 'घरकाम' लिहितात. ते खरेच आहे, पण तेवढेच खरे नाही. म्हणून मैत्रिणींनो, घरातली मुलगी रात्री वाचीत बसली, तर दिवा मालवू नका.