रानकोंबडा, डार्विन आणि पिवळे पाय

वासोट्याचा ट्रेक पुण्यातल्या निम्म्या आयटीवाल्यांनी केलेला असतो. बामणोलीला गाड्या लावायच्या, बोटीने शिवसागर ओलांडायचा आणि कोयनेच्या रानात शिरायचं. झाडीतून मध्येच तुटल्यासारखी बांग ऐकू येते आणि कोणीतरी विचारतंच, "इथे कोंबड्या कोणी पाळल्यात?" पाळलेल्या नाहीत मंडळी, तो रानकोंबडा. सांगलीकडून शिराळ्यावरून चांदोलीत गेलात तर तिथेही हाच. मोर, तितर यांच्याच कुळातला, जमिनीवर चरणारा.

याचा इतिहास मात्र भन्नाट आहे. शास्त्रीय नाव गॅलस सोनेराटी, पिएर सोनेरा या फ्रेंच प्रवाशावरून. त्याचं भारतप्रवासाचं पुस्तक १७८२ चं. घरच्या कोंबड्यांचं मूळ यातच असावं, असं त्या काळी काही अभ्यासकांना वाटायचं. डार्विनने १८६८ साली ते मोडीत काढलं. याची बांग वेगळी, मानेची पिसं वेगळी आणि संकरित पिल्लांची पुढची वीण धड होत नाही. म्हणजे पूर्वज एकच, उत्तर भारतापासून आग्नेय आशियापर्यंत सापडणारा लाल रानकोंबडा. केस क्लोज्ड!

साहेबांना मात्र याच्यात वेगळाच इंटरेस्ट होता. नराच्या मानेच्या पिसांवर मेणासारखे चकचकीत ठिपके असतात. सामन मासे धरायला गळावर जी नकली माशी बांधतात, तिला ही पिसं लागायची. त्यासाठी आपल्याकडचे कोंबडे मारून पिसं विलायतेला जात.

मग २००८ साली केस पुन्हा उघडली. स्वीडनच्या उप्साला विद्यापीठातल्या संशोधकांनी कोंबडीच्या पिवळ्या कातडीचा जीन शोधला. खाण्यातला पिवळा रंग कातडीत मोडला जातो. या जीनच्या एका प्रकारात तिथलं मोडण्याचं काम बंद पडतं आणि रंग साठत जातो. लाल रानकोंबड्याची कातडी पांढरट. पिवळा प्रकार जुळला तो आपल्या रानकोंबड्याशी! आमच्या भाषेत सांगायचं तर कोड जवळजवळ सगळा लाल कोंबड्याचा, पण एक फंक्शन सह्याद्रीवाल्याकडून मर्ज झालेलं. डार्विन बराचसा बरोबर होता, पूर्ण नाही. जगभरातल्या पिवळ्या पायांच्या कोंबड्यांत दक्षिण भारतातल्या रानाचा हा अंश आहे.

गोची अशी की देवाणघेवाण उलटीही होऊ शकते. रानाच्या कडेला गावठी कोंबड्या वाढल्या की त्यांचे जीन आणि रोग रानात शिरायची भीती असते. कोयना आणि चांदोली अभयारण्यं १९८५ ची, चांदोली राष्ट्रीय उद्यान झालं २००४ मध्ये आणि दोन्ही मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प २०१० मध्ये. वाघाच्या नावाने का होईना, कोंबड्याचं रान राखलं गेलं. मूळ प्रत शाबूत असली तरच असले जुने प्रश्न पुन्हा तपासता येतात, हा माझा मुद्दा.

तेव्हा ट्रेकला कोणी "रानातला कोंबडा खाणार का?" विचारलं, तर सरळ नाही म्हणा. १९७२ च्या कायद्याने शिकारीला बंदी आहेच. आणि पिवळ्या पायाची कोंबडी काय, कुठल्याही चौकात मिळते.