नाव, वासना आणि यंत्र

सामुराईंचा काळ मनास येईल तसा फिरविणाऱ्या, रणांगणात अजस्र यंत्रे उतरविणाऱ्या आणि शृंगाराची मर्यादा खुशाल ओलांडणाऱ्या जपानी अॅनिमे-मालिका म्हणजे अलीकडच्या बाजाराची अवलाद, असे समीक्षक समजतात. हा समज अर्धाच खरा आहे.

१७०१ साली एदोच्या किल्ल्यात आसानो ह्या सरदाराने किरा ह्या दरबारी अधिकाऱ्यावर शस्त्र उपसले. त्याचे कारण इतिहासास आजही निश्चित ठाऊक नाही. आसानोस त्याच दिवशी आत्मघात करावा लागला. सुमारे दोन वर्षांनी त्याच्या सेवकांनी किराचा वध केला. अशा घटना रंगभूमीवर आणण्यास तोकुगावा राजवटीची मनाई होती. म्हणून १७४८ च्या 'कानादेहोन चुशिंगुरा' ह्या बाहुलीनाट्यात कथानक चौदाव्या शतकात नेण्यात आले. आसानोचा एन्या झाला आणि किराच्या जागी मोरोनाओ हा जुना सेनानी आला. एन्याच्या पत्नीविषयीचा मोरोनाओचा अभिलाष 'ताइहेइकी' ह्या युद्धाख्यानात पूर्वीच वर्णिलेला होता. नाटककारांस हवे ते कारण आयतेच मिळाले. इतिहास जेथे मुका होता तेथे वासना बोलू लागली.

१८०४ साली उतामारोने हिदेयोशीस स्त्रियांच्या मेळ्यात रंगविले, तेव्हा त्याच्या हातांत पन्नास दिवस बेड्या पडल्या. कामचित्रांवरही बंदी होतीच, परंतु ती चोरून खपत; उतामारोस भोवले ते खरे नाव.

आता नावाचे भय उरलेले नाही. 'नोबुनागा द फूल' (२०१४) मध्ये नोबुनागा उघडपणे वावरतो व दुसऱ्या ग्रहावरून आलेल्या यंत्रकवचात बसून लढतो. कल्पना अचाट खरी. पण १५४३ साली पोर्तुगीजांबरोबर तानेगाशिमा बेटावर बंदूक उतरली आणि १५७५ साली नागाशिनोस ह्याच नोबुनागाने तिचा उपयोग केला, हे ध्यानी घेतले म्हणजे यंत्राच्या मुळाशी इतिहास सापडतो. वासनेविषयी तसे म्हणता येत नाही.

'ह्याक्का र्योरान सामुराई गर्ल्स' (२०१०) मध्ये यंत्रमानव नाहीत. तरी शृंगाराचा विचार करावयाचा तर तिच्याकडेच वळावे लागते. तीत तोकुगावांची सत्ता अद्याप टिकून आहे, याग्यू ज्यूबेइ हा खड्गवीर तरुणी झाला आहे, आणि विवस्त्र देहांवर शाईचे फराटे ओढलेले दिसतात. पूर्वी नाव झाकीत, आता अंग झाकतात. धन्याच्या चुंबनाने युवतींत अलौकिक बळ संचारते. म्हणजे वासना येथे निरर्थक नाही. ती इंधन आहे. परंतु मोरोनाओच्या लालसेने एन्याचे घराणे धुळीस मिळविले. ह्या इंधनाची झळ मात्र कोणासही लागत नाही.