एका धुनेचा सीमावासी कर्ता

रेडिओवर सकाळची सभा सुरू होण्यापूर्वी वाजणारी आकाशवाणीची धून आमच्या हळ्ळीखेडात कोणाला ठाऊक नाही? तानपुऱ्याच्या सुरावर संथपणे उमलणारे ते व्हायोलिन! पुढे कलबुर्गी केंद्रावर कानडी लागे, परभणीवर मराठी. धून दोहोंकडे तीच. तिच्या कर्त्याचे नाव मात्र आम्ही कधी ऐकले नाही. ते होते वॉल्टर काउफमान.

काउफमान यांचा जन्म १९०७ साली बोहेमियातील कार्ल्सबाद गावी, जर्मन बोलणाऱ्या ज्यू कुटुंबात झाला. १९१८ साली ऑस्ट्रिया-हंगेरीचे साम्राज्य मोडले आणि ते गाव जागचे न हलता चेकोस्लोव्हाकियात गेले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्य मोडून आपला बीदर जिल्हा म्हैसूर राज्यात गेला, तेव्हा आपल्या वडीलधाऱ्यांनी हेच अनुभवले. तिकडे मात्र पुढे आक्रीत घडले. भाषेच्या नावाखाली हिटलरने १९३८ साली तो पट्टा गिळला, आणि महायुद्ध संपल्यावर तिथल्या बहुतेक जर्मन भाषकांना घरेदारे सोडावी लागली.

काउफमान आधीच बाहेर पडले होते. बर्लिनमध्ये ते संगीत शिकले. प्रागमधील आपले मार्गदर्शक नाझी असल्याचे कळताच त्यांनी हाताशी आलेली डॉक्टरेट नाकारली आणि १९३४ साली मुंबई गाठली. स्नेही मोहन भवनानी यांच्या चित्रपटांना त्यांनी संगीत दिले. पुढे सरकारी माहितीपटांनाही. १९३७ ते १९४६ या काळात मुंबई आकाशवाणीच्या पाश्चात्त्य संगीत विभागाची धुरा त्यांच्याकडे होती.

आपले संगीत पहिल्यांदा ऐकताना त्यांना ते अगदी परके वाटले. पण इतक्या लोकांना जे प्रिय आहे, ते आपल्याला कळत नसेल तर उणीव आपलीच, असे मानून ते शिकत राहिले. पुढे कॅनडात विनिपेग सिंफनीचे संचालन आणि अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात अध्यापन केले, तरी हा अभ्यास सुटला नाही. १९६८ साली उत्तर हिंदुस्थानी रागांवर त्यांचा जाडजूड ग्रंथ निघाला. १९८४ साली ते निवर्तले.

वाचकहो, आपल्या घरांत मराठीचा अभिमान आहे, तो असावाच. पण शेजारच्या अंगणातले कानडी पद कानाला परके वाटले, तर काउफमान यांच्यासारखे आणखी थोडा वेळ ऐकत बसावे, इतकेच मला सुचवायचे आहे.