वऱ्हाडचा सभासद : निवडलेला की नेमलेला?

मावल्याहून उत्तरेला निघालात तर थोड्याच वेळात पैनगंगेचा पूल लागतो. पलीकडे यवतमाळ जिल्हा. माझ्या दवाखान्यात पांढरकवड्याकडचे रुग्ण येतात, आमच्या कितीतरी सोयरिकीही तिकडच्याच. शंभर वर्षांपूर्वी या नदीच्या एका काठाला मत होते, दुसऱ्याला नव्हते. आणि ज्या काठाला होते, तिथेही ते कोणत्या अवस्थेत होते, हे वाचकहो, समजून घेण्यासारखे आहे.

कागदोपत्री दोन्ही काठ निजामाचेच. १८५३ च्या तहाने वऱ्हाड कंपनी सरकारच्या ताब्यात गेले, १९०२ साली वार्षिक २५ लाख रुपयांवर इंग्रजांना त्याचा कायमचा पट्टा मिळाला आणि १९०३ मध्ये ते कारभारापुरते मध्यप्रांताला जोडले गेले. निजामाचे सार्वभौमत्व तेवढे शिल्लक राहिले. आम्हा होमिओपॅथीवाल्यांना लोक चिडवतात, की तुमच्या औषधात मूळ द्रव्य उरतच नाही, नुसते बाटलीवर नाव. निजामाची वऱ्हाडातली सत्ता तशीच होती. पण त्या नावाने गुण दाखवला, तो असा.

१९१९ च्या कायद्याने प्रांतोप्रांती कायदेमंडळे वाढली. नागपूरच्या कौन्सिलात वऱ्हाडच्या वाट्याला १७ जागा आल्या. मतदारयाद्या झाल्या, प्रचार झाला, मते पडली. (मत अर्थातच सारा किंवा कर भरणाऱ्यांनाच, शेतमजुराला नाही.) परंतु वऱ्हाड कायद्याने ब्रिटिश हिंदुस्थान नव्हते, परक्या राजाचा मुलूख होता. तिथले लोक ब्रिटिश कायदेमंडळावर ‘निवडून’ कसे येणार? तोड निघाली ती अशी : निवडणूक घ्यायची, जो जिंकेल त्याला गव्हर्नरने ‘नेमायचे’. हजारो मतांनी आलेला माणूस दफ्तरात सरकारनियुक्त! त्याहून विचित्र म्हणजे, ज्या कायद्यावर तो हात वर करी, तो कायदा त्याच्या स्वतःच्या गावाला आपोआप लागू होत नसे. वऱ्हाडासाठी वेगळी अधिसूचना निघावी लागे.

असे असूनही हे नेमलेले सभासद सरकारला जड गेले. १९२३ च्या निवडणुकीत या कौन्सिलात स्वराज्य पक्षाला स्वच्छ बहुमत मिळाले. नेते नागपूरचे डॉ. मुंजे. त्यांनी मंत्रिपदे घेतली नाहीत, आणि १९२४ च्या अंदाजपत्रकात सरकारने नेमलेल्या मंत्र्यांचा पगार कापून वर्षाला दोन रुपये केला. मंत्री गेले, खाती गव्हर्नरने स्वतःकडे घेतली. मला ही दोन रुपयांची गोष्ट फार आवडते. मात्र पुढचे पानही वाचले पाहिजे. अमरावतीचे श्रीपाद बळवंत तांबे याच पक्षाचे. ते कौन्सिलचे अध्यक्ष झाले आणि ऑक्टोबर १९२५ मध्ये त्यांनी गव्हर्नरच्या कार्यकारी मंडळातली जागा स्वीकारली. मोतीलाल नेहरू संतापले. केळकर, जयकर, मुंजे यांनी प्रतियोगी सहकारितेची वेगळी वाट धरली. सत्तेबाहेर राहून अडवावे, की आत शिरून मिळेल ते पदरात पाडावे, या वादात पक्ष फुटला. तांब्यांना फितूर म्हणणारे तेव्हा पुष्कळ होते. मला ते तितके सोपे वाटत नाही. दोन रुपयांचा डाव एकदा जमतो. दुसऱ्या वर्षी शाळा आणि दवाखाने कोणी पाहायचे?

याच वाटेवर वणीचे माधव श्रीहरी अणे होते. वणी म्हणजे आमचा शेजारच. दिल्लीच्या मध्यवर्ती कायदेमंडळाच्या छापील वृत्तांतात त्यांच्या नावापुढे ‘वऱ्हाडचे प्रतिनिधी’ असा शेरा असे. इतर सभासदांपुढे मतदारसंघ, यांच्यापुढे हा शेरा. कारण तेच : निवडून आलेले, पण नेमलेले. जुलै १९३० मध्ये त्याच अण्यांनी पुसदच्या जंगलात गवत कापून सरकारचा कायदा मोडला.

पुढे १९३५ चा कायदा आणि १९३६ चा निजामाशी झालेला करार यांनी हा तिढा सुटला. प्रांताचे नाव मध्यप्रांत व वऱ्हाड झाले, निजामाच्या वारसाला ‘बेरारचे युवराज’ ही पदवी मिळाली आणि १९३७ मध्ये ११२ जागांच्या विधानसभेसाठी मतदान झाले.

अलीकडच्या काठाचे काय? हैदराबादेत कायदेमंडळ १८९३ पासून होते, पण सामान्य रयतेने निवडलेला माणूस त्यात नव्हता. १९३८ मध्ये स्टेट काँग्रेसवर बंदी आली. १९३९ च्या सुधारणांत प्रतिनिधी गावावरून नव्हे, धंद्यावरून निवडायचे ठरले होते. माझे आजोबा कापसाचे आडते. पांढरकवड्याचा त्यांचा मेव्हणा निवडणुकीच्या गप्पा मारू लागला, की ते म्हणत, “तुमचं मत गव्हर्नरच्या सहीवाचून चालत नाही.” त्यावर मेव्हणा म्हणे, “सही करायला काहीतरी आहे तरी.” आजोबा गप्प बसत.

त्यांनी पहिले मत दिले ते १९५२ साली, हैदराबाद राज्याच्या १७५ जागांच्या विधानसभेसाठी. तेव्हा ते साठीला आले होते. मतदानाहून परतल्यावर त्यांनी आधी मेव्हण्याला कार्ड टाकले.